शहाण्याने कोर्टाची पायरी चढावी

‘शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये’ ही म्हण आपल्या मोहल्ल्यात फार लाडकी आहे. माझं स्पष्ट मत आहे की ही म्हण भाडेकरूला बुडवते. कारण दुकानमालक ती पाळत नाही. पाळतात ते आपले चाचा.

औशात आमच्या चाचांचं शिलाई मशीन दुरुस्तीचं दुकान होतं. करार तोंडी, भाडं रोख, पावती नाही. मालकांनी दावा लावला: भाडं थकलंय आणि मुलाच्या धंद्यासाठी जागा हवी. चाचांनी थकबाकी व्याजासह कोर्टात भरली. औशाच्या कोर्टाने दावा फेटाळला, घरी पेढे वाटले गेले. मग मालक अपिलात गेले, लातूरला, जिल्हा न्यायालयात. चाचा म्हणाले, “एक बार जीत गए ना, अब क्या?” नोटीस कपाटात गेली. कोर्टात भाडं भरणं थांबलं. तारखेला आमच्या बाजूने कुणीच उभं राहिलं नाही. अपील मंजूर झालं आणि दुकान गेलं.

लगेच चर्चा सुरू झाली: आपल्या लोकांना न्याय मिळतच नाही. दोस्तांनो, मालकही आपलेच, जुम्म्याला त्याच सफमध्ये उभे राहणारे. अपील करणं हा त्यांचा हक्क होता. आपला हक्क आपण कपाटात ठेवला, हे कबूल करायला आपण तयार नाही.

कायदा काय सांगतो ते पाहा. मराठवाड्यात पूर्वी हैदराबादचा १९५४ चा भाडे कायदा होता. ३१ मार्च २००० पासून महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ आला. त्याच्या कलम १५ नुसार समन्स मिळाल्यापासून ९० दिवसांत थकबाकी १५ टक्के व्याजासह भरली आणि दाव्याचा अंतिम निकाल लागेपर्यंत भाडं नियमित भरत राहिलं, तर थकबाकीच्या कारणावरून दुकान जात नाही. ‘अंतिम’ या शब्दाकडे चाचांनी पाहिलंच नाही. कलम १६ नुसार मालकाची गरज खरी असली, तरी जास्त हाल कुणाचे होतील हे कोर्टाला तोलावं लागतं. पण तुमचे हाल कोर्टाला सांगणार कोण?

अपिलात जिल्हा न्यायालय पुरावा नव्याने तोलतं. त्यानंतर दुसरं अपील नाही. उच्च न्यायालयाचा दरवाजा अरुंद आहे आणि महागही. ‘सुपर मॅक्स’ प्रकरणात खुद्द महाराष्ट्र सरकार भाडेकरू होतं. मुंबईतल्या जागेचं महिन्याचं भाडं सुमारे ५,२०० रुपये. निकाल विरुद्ध गेल्यावर स्थगितीसाठी उच्च न्यायालयाने दरमहा ५,४०,००० रुपये भरायला सांगितले आणि २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते कायम ठेवलं. सरकारला जमेल, मशीन दुरुस्त करणाऱ्याला जमेल का?

बुजुर्ग म्हणतात, जबान दिलीय, कागद मागणं म्हणजे अविश्वास. कुरआनातली सर्वात लांब आयत, सूरह बकराची २८२ वी, उधारीचा व्यवहार लिहून ठेवण्याबद्दल आणि साक्षीदारांबद्दल आहे. लिहिणं हा अविश्वास असता, तर ती तिथे का असती?

‘अकरा महिन्यांचा करार आहे, नोंदणी लागत नाही’ हाही भ्रमच. कलम ५५ नुसार भाडेकरार लेखी आणि नोंदणीकृतच हवा, मुदत कितीही असो. जबाबदारी मालकाची, न पाळल्यास तीन महिन्यांपर्यंत कैद, ५,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. तुमच्या घरचा गाळा भाड्याने दिला असेल, तर हे तुम्हालाही लागू आहे.

मी सॉफ्टवेअरवाला. आमच्याकडे लॉग नसेल तर बिघाड कुठे झाला हे कुणी सिद्ध करू शकत नाही. दुकानाचंही तसंच आहे. येत्या रविवारी अब्बांच्या गल्ल्याशेजारी बसा. करार आहे का, पावत्या आहेत का, बघा. भाडं बँकेतून द्यायला लागा. कोर्टाचं पाकीट आलं असेल तर त्याच दिवशी उघडा आणि वकिलाकडे त्यांच्याबरोबर तुम्ही स्वतः जा.