वर्गणी भरली, प्रत कोणाकडे?

मागील शैक्षणिक वर्षात आमच्या विभागातील एका विद्यार्थिनीने एम. ए.च्या शोधप्रकल्पासाठी एका व्हिडिओ गेममधील निवेदनपद्धती हा विषय निवडला, तेव्हा विभागात थोडी चुळबुळ झाली हे कबूल करायला हवे. ‘ही संहिता आहे का?’ हा प्रश्न अपेक्षेप्रमाणे निघाला, त्यावर दोन बैठका झाल्या आणि शेवटी विषय मंजूर झाला. खरी अडचण त्यानंतर चार महिन्यांनी आली, आणि ती सिद्धान्ताची नव्हती. एके सकाळी ती विद्यार्थिनी येऊन म्हणाली, ‘‘सर, गेम गेला.’’ गेला म्हणजे काय, हे आम्हांला कळेना. संगणक बिघडला का, चोरीला गेला का? तसे काही नव्हते. ज्या मासिक वर्गणीच्या सेवेतून ती तो गेम खेळत होती, त्या सेवेच्या यादीतून महिनाअखेरीस तो काढण्यात आला होता. सूचना आली होती, पंधरा दिवस आधी. परीक्षेच्या धामधुमीत ती वाचायची राहिली. गेमची सगळी फाइल तिच्या संगणकावर जशीच्या तशी होती. तिने कुठवर मजल मारली, कोणत्या वळणावर कोणता पर्याय निवडला, याची नोंदही शाबूत होती. फक्त गेम उघडत नव्हता.

हा लेख आम्ही दोघे मिळून लिहीत आहोत. आमच्यापैकी एकाला गेम खेळण्याचा वीस वर्षांचा नाद आहे. दुसऱ्याने सॉलिटेअरपलीकडे जन्मात काही खेळलेले नाही. त्यामुळे या लेखातील तांत्रिक तपशील एकाचे आणि कुरकुर दुसऱ्याची, असे वाचकांनी समजायला हरकत नाही.

प्रथम व्यवहार कसा चालतो ते पाहू. मायक्रोसॉफ्टची ‘गेम पास’ ही सेवा जून २०१७ मध्ये सुरू झाली. सुरुवातीला महिन्याला ९.९९ डॉलर भरले की शंभराहून अधिक गेम खेळता येत. फेब्रुवारी २०२४ मध्ये कंपनीने वर्गणीदारांची संख्या ३ कोटी ४० लाख सांगितली. सोनीने आपल्या ‘प्लेस्टेशन प्लस’ची जून २०२२ मध्ये याच धर्तीवर पुनर्रचना केली. कंपनीचे स्वतःचे गेम सहसा यादीत राहतात. इतर प्रकाशकांचे गेम कराराच्या मुदतीपुरते येतात आणि जातात. जाताना ‘गेम पास’ वर्गणीदाराला तो गेम सवलतीत विकत घेण्याची संधी देते. न घेतल्यास गेम आपल्याच संगणकावर राहतो, पण निरुपयोगी होऊन. वाडा आपल्या आवारात, किल्ली मात्र दुसऱ्याच्या कमरेला. त्याहून गमतीची गोष्ट अशी की, मूळ गेम वर्गणीतून मिळालेला असताना त्याचे एखादे पुरवणी प्रकरण आपण वेगळे पैसे देऊन घेतले असेल, तर मूळ गेम गेल्यावर ती पुरवणी आपल्या नावावर तेवढी राहते. उत्तरार्ध विकत घेतलेला आणि पूर्वार्ध परत नेलेला, अशी ही कादंबरी.

यावर सरळ उत्तर असे की, भाड्याच्या घरातून एक दिवस निघावे लागते, त्यात तक्रार कसली? हे उत्तर आम्हांला पुष्कळसे मान्य आहे. आमच्या विद्यार्थिनीसारख्या मुलीला एकेक गेम चार-पाच हजार रुपये मोजून घेणे कधीच परवडले नसते. वर्गणीमुळेच ती या कलाप्रकारापर्यंत पोचली. ऑक्टोबर २०२५ मध्ये ‘गेम पास’च्या सर्वांत वरच्या श्रेणीची अमेरिकेतील किंमत १९.९९ डॉलरवरून एकदम २९.९९ डॉलर झाली, तेव्हा भाडेकरूच्या हाती काय असते तेही दिसले. पण भाडे वाढले एवढ्यावरून भाड्याची कल्पनाच वाईट ठरत नाही. आमचा आक्षेप वेगळा आहे, आणि तो ‘वर्गणी’ या शब्दापाशी सुरू होतो.

मराठी वाचकाला वर्गणी दोन प्रकारची माहीत आहे. एक नियतकालिकाची. हरिभाऊ आपट्यांनी १८९० साली ‘करमणूक’ सुरू केले. त्याचे वर्गणीदार ‘पण लक्षात कोण घेतो’ हप्त्याहप्त्याने वाचत गेले. पुढे कोणी वर्गणी थांबवली असेल, पण आलेले अंक परत न्यायला कोणी त्याच्या दारी आले नाही. अंक घरात राहिले, बांधले गेले, काही रद्दीत गेले, काही ग्रंथालयांत पोचले. दुसरी वर्गणी ग्रंथालयाची. तेथे पुस्तक परत करावे लागते, वर्गणी थकली की कार्ड बंद होते. या अर्थाने ती गेमच्या वर्गणीसारखीच दिसते आणि या सेवांचे समर्थक हाच दाखला देतात. पण तो दाखला नीट उलगडला तर उलट बाजूने साक्ष देतो. ग्रंथालयात पुस्तक वाचकाचे नसते हे खरे. ते ग्रंथालयाचे असते. ग्रंथालयाने ते विकत घेतलेले असते, आणि प्रकाशकाचे दुकान बंद पडले, लेखकाने आपले जुने पुस्तक नाकारले, वारसांचे भांडण झाले, तरी कपाटातली ती प्रत हलत नाही. गेमच्या वर्गणीत वाचकाकडे प्रत नाही, आणि देणाऱ्या सेवेकडेही ठेवण्याजोगी, दुसऱ्याला देण्याजोगी स्वतंत्र प्रत नाही. तिच्याकडे करार असतो. म्हणजे प्रकाशक सोडला तर संपूर्ण साखळीत मालक कोणीच नाही. ‘मालकी की उपलब्धता’ असा वाद सध्या मांडला जातो. तो आम्हांला अपुरा वाटतो. मालक आपण नसलो तरी चालेल, पण प्रकाशकाखेरीज कोणीतरी असायला हवा.

ही प्रत नावाची गोष्ट कायद्यालाही जुनी परिचित आहे. अमेरिकेत बॉब्ज-मेरिल या प्रकाशनसंस्थेने ‘द कास्टअवे’ या कादंबरीत छापून टाकले होते की, एक डॉलरहून कमी किमतीला हे पुस्तक कोणी विकू नये, विकल्यास तो हक्कभंग समजला जाईल. मेसीज या दुकानाच्या मालकांनी ते कमी किमतीला विकले. १९०८ साली सर्वोच्च न्यायालयाने दुकानदाराच्या बाजूने निकाल दिला: एकदा विकलेल्या प्रतीच्या पुढील प्रवासावर प्रकाशकाचा अधिकार उरत नाही. आपल्याकडे १९५७च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम १४मध्ये वाङ्मयकृतीपुरते हेच तत्त्व आहे. एकदा विकली गेलेली प्रत ‘वितरणात आलेली’ मानली जाते आणि तिच्यावर हक्कधारकाचा तो हक्क पुन्हा चालत नाही. अप्पा बळवंत चौकातील जुन्या पुस्तकांचा व्यवहार, फोर्टच्या पदपथावरील ढीग, आमच्या पिढीचे निम्मे शिक्षण, हे सगळे या तत्त्वावर उभे आहे. ‘द कास्टअवे’च्या प्रकाशकाला छापील सूचनेने जे साधले नाही, ते आजच्या कंपन्यांना ‘मला मान्य आहे’ या एका बटणाने साधले आहे. विक्रीच झाली नाही, परवाना दिला, असे म्हटले की पुढचा प्रश्नच मिटतो.

गेम खेळणाऱ्यांना हे कळत नव्हते असे नाही. २०१३ साली मायक्रोसॉफ्टने नव्या यंत्रासाठी नियम जाहीर केले, की यंत्राने चोवीस तासांतून एकदा इंटरनेटवर हजेरी लावायची आणि वापरलेल्या डिस्कच्या देवघेवीवर बंधने येतील. त्यावर सोनीने वीसेक सेकंदांची एक चित्रफीत काढली. गेम दुसऱ्याला कसा द्यावा याचे प्रात्यक्षिक: एक माणूस डिस्क पुढे करतो, दुसरा ती घेऊन आभार मानतो. संपले. गहजब एवढा झाला की मायक्रोसॉफ्टने त्याच जून महिन्यात नियम मागे घेतले. पण जे हुकमाने झाले नाही ते सोयीने झाले. २०२५ साली निन्टेंडोच्या नव्या यंत्राबरोबर असेही गेम आले, ज्यांच्या कार्डात गेम नसून गेम उतरवून घेण्याची फक्त किल्ली असते. हे कार्ड निदान दुसऱ्याला देता येते, विकता येते, हे न्यायाने सांगितले पाहिजे. पण उतरवून घेण्याची जागा कंपनीने चालू ठेवली आहे तोवरच.

आणि विकत घेतले म्हणजे सुटलो, असेही नाही. युबिसॉफ्टचा ‘द क्रू’ हा मोटारशर्यतीचा गेम डिसेंबर २०१४ मध्ये आला. लोकांनी पूर्ण किंमत देऊन तो घेतला होता, त्यात वर्गणीचा संबंध नव्हता. पण एकट्याने खेळतानाही त्याला कंपनीच्या सर्व्हरची गरज लागे. ३१ मार्च २०२४ रोजी सर्व्हर बंद झाले आणि गेम संपला. पुढच्या महिन्यात तो खेळाडूंच्या संग्रहांतून काढून घेतल्याचेही दिसले. प्रकरण कॅलिफोर्नियात न्यायालयात गेले, तेव्हा ग्राहकांना मर्यादित परवानाच मिळाला होता असा कंपनीचा बचाव होता. त्याच वर्षी जानेवारीत या कंपनीच्या वर्गणीविभागाच्या प्रमुखांनी एका मुलाखतीत असे सुचवले होते की, गेम आपल्या मालकीचा नसण्याची सवय खेळाडूंना व्हायला हवी. त्यांच्यावर त्या वेळी टीकेची झोड उठली. आम्हांला ते विधान निदान प्रामाणिक वाटते. अप्रामाणिक आहे तो दुकानातील ‘विकत घ्या’ हा शब्द. कॅलिफोर्नियाने १ जानेवारी २०२५ पासून लागू केलेल्या कायद्यानुसार, घेणाऱ्याला फक्त परवाना मिळत असेल तर तसे स्पष्ट सांगितल्याशिवाय हा शब्द वापरता येत नाही. वर्गणीच्या सेवांना त्यातून वगळले आहे, आणि ते तर्काला धरून आहे. त्या विकण्याचा आव आणत नाहीत. एका राज्याच्या विधिमंडळाला एका क्रियापदासाठी कायदा करावा लागला, ही घटना भाषेच्या अध्यापकांनी तरी नोंदवून ठेवावी अशी आहे. ‘द क्रू’नंतर युरोपात सुरू झालेल्या नागरिकांच्या याचिकेवर जुलै २०२५ पर्यंत दहा लाखांहून अधिक सह्या झाल्या. तिची मागणी फार मोठी नाही: पाठबळ थांबवताना विकलेला गेम खेळता येण्याजोग्या स्थितीत सोडून जा.

आमच्या वाचकांपैकी कोणी म्हणेल, हे गेमवाल्यांचे दुखणे आहे. त्यांनी जुलै २००९ आठवावा. अ‍ॅमेझॉनने किंडलवर विकलेल्या ऑर्वेलच्या ‘१९८४’ आणि ‘अ‍ॅनिमल फार्म’ या पुस्तकांच्या काही प्रती वाचकांच्या यंत्रांतून दुरूनच पुसून टाकल्या. विक्रेत्याकडे हक्क नव्हते म्हणून. पैसे परत दिले. अभ्यासासाठी पुस्तक घेतलेल्या एका शाळकरी मुलाच्या टिपा मात्र पुस्तकावाचून लोंबकळत राहिल्या. आमच्या विद्यार्थिनीची साठवलेली नोंद आणि त्या मुलाच्या टिपा ही एकाच जातीची गोष्ट आहे. वाचन वाचकाकडे राहिले, संहिता गेली.

जतनाचे काम करणाऱ्यांची अवस्था याहून वाईट आहे. व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन या संस्थेने २०२३ साली प्रसिद्ध केलेल्या पाहणीनुसार, २०१०पूर्वी अमेरिकेत आलेल्या गेमपैकी ८७ टक्के आज बाजारात कोणत्याही स्वरूपात मिळत नाहीत. ग्रंथालयांनी जतन केलेले असे गेम संशोधकांना घरबसल्या पाहता यावेत, एवढी सवलत अमेरिकेच्या कॉपीराइट कार्यालयाकडे मागण्यात आली. ऑक्टोबर २०२४ मध्ये ती नाकारली गेली. जी भीती व्यक्त झाली तिच्यात एक अशी की, संशोधनाच्या नावाखाली लोक ते करमणुकीसाठी खेळतील! हरिभाऊंनी साप्ताहिकाचे नाव उघडपणे ‘करमणूक’ ठेवले, आणि आज आपण त्याचे जुने अंक संशोधनासाठी चाळतो. करमणुकीसाठी वाचणाऱ्यांनी ते अंक घरात ठेवले नसते तर संशोधकांना काय मिळाले असते, हे त्या कार्यालयाला कोणी विचारले की नाही, कोण जाणे.

असो. त्या विद्यार्थिनीचा प्रकल्प पूर्ण झाला. गेम तिने अखेर सवलतीत विकत घेतला; पैसे आमच्यापैकी गेम न खेळणाऱ्याने उसने दिले, आणि ते अजून परत आलेले नाहीत. घेतला म्हणजे काय घेतला, हे तिला आता नीट माहीत आहे. संदर्भसूची करताना मात्र अडले. विभागाच्या नमुन्यात ‘आवृत्ती’ असा रकाना असतो. तिने तेथे गेमचा क्रमांक लिहिला, तर मधल्या काळात दोनदा दुरुस्त्या येऊन तो बदललेला. ज्या क्रमांकाच्या गेमवर तिने दुसरे प्रकरण लिहिले होते, तो तिच्याही संगणकावर उरला नव्हता. शेवटी तिने त्या रकान्यात दोन तारखा लिहिल्या: कधीपासून कधीपर्यंत खेळला. बहिःस्थ परीक्षकांनी त्यावर पेन्सिलने प्रश्नचिन्ह काढले आणि तोंडी परीक्षेत विचारले, ‘‘याची एक प्रत विभागात ठेवली आहे ना?’’