वनस्पतीची वटी आणि राज्याची मर्यादा

खेड तालुक्यातील महाळुंगे इंगळे हे गाव चाकण औद्योगिक वसाहतीचा भाग झाले आणि तेथील बाजारपेठेचे रूप पालटले. तळेगाव-चाकण रस्त्याच्या परिसरात वाहन उद्योगाचे मोठे कारखाने आणि त्यांना सुटे भाग पुरवणारे अनेक लहान कारखाने उभे राहिले. गावात भाड्याच्या खोल्या वाढल्या. विदर्भ-मराठवाड्यातून, तसेच उत्तर प्रदेश, बिहार, ओडिशा येथून आलेले कामगार त्या खोल्यांत राहू लागले. किराणा दुकानाचा गल्ला आता सुगीपेक्षा कारखान्याच्या पगाराच्या तारखेवर अधिक भरतो. या वस्तीत दुकान चालवणाऱ्या व्यापारी कुटुंबांपुढे वरचेवर उभा राहणारा एक प्रश्न या वेळी विचारार्थ घेतला आहे.

उदाहरणादाखल एक दुकान डोळ्यांसमोर आणावे. गल्ल्यावर वडील बसले आहेत. वाणिज्य शाखेची पदवी घेतलेला मुलगा मालाची आवक पाहतो. दुपारी फिरता विक्रेता येतो आणि दोन वस्तू पुढे ठेवतो. एक म्हणजे शक्तिवर्धक चूर्णाचा डबा. त्यासोबत दुकानात लावण्यासाठी एक रंगीत फलक, ‘मधुमेह मुळापासून बरा’ असा. दुसरी म्हणजे परराज्यातून आलेल्या काळपट वट्यांच्या लहान पुड्या. त्यांवर ‘पाचक’ असे लिहिलेले.

“शेठजी, दोन्ही शंभर टक्के हर्बल. परवान्याची भानगडच नाही. रात्रपाळीची पोरं रोज मागतील,” असे तो सांगतो आणि नफ्याचा आकडाही सांगतो. किराण्यात एवढा नफा कोणत्याच जिनसेवर सुटत नाही.

मुलगा म्हणतो, “पप्पा, पलीकडच्या टपरीवर ह्या पुड्या रोज खपतात. आपणच का सोडायच्या?”

वडील चष्मा लावून पुडीच्या मागचे बारीक अक्षर वाचू लागतात. घटकांच्या यादीत एक शब्द येतो: ‘विजया’. मुलाला तो शब्द नवा असतो. वडिलांना मात्र ठाऊक असते की आयुर्वेदात विजया म्हणजे भांग.

विक्रेत्याच्या बोलण्यात सत्याचा एक अंश आहे, आणि फसगत नेमकी तेथूनच सुरू होते. ॲलोपॅथिक औषधे विकण्यासाठी दुकानदाराला औषध विक्रीचा परवाना घ्यावा लागतो. आयुर्वेदिक औषधाच्या किरकोळ विक्रीसाठी तसा परवाना लागत नाही. परंतु परवाना लागत नाही याचा अर्थ कायदा लागत नाही असा होत नाही. १९४० च्या औषधे व सौंदर्यप्रसाधने कायद्यात आयुर्वेद, सिद्ध व युनानी औषधांसाठी स्वतंत्र प्रकरण आहे. उत्पादकाला परवाना घ्यावाच लागतो. विनापरवाना तयार केलेले, बनावट, भेसळयुक्त किंवा खोट्या वेष्टनाचे औषध विकणे हा विक्रेत्याचाही अपराध ठरतो. औषध कोणाकडून घेतले, हे निरीक्षकाने विचारल्यास विक्रेत्याला सांगावे लागते. आयुर्वेदिक औषधाच्या वेष्टनावर उत्पादकाचे नाव-पत्ता, उत्पादन परवाना क्रमांक, बॅच क्रमांक, घटक आणि मुदत ही माहिती असावी लागते.

हीच वनस्पती औषध म्हणून न येता पूरक आहार म्हणून आली, तर ती अन्नाच्या कायद्याखाली जाते. अश्वगंधेचे चूर्ण दोन्ही रूपांत बाजारात मिळते. अन्न सुरक्षा व मानके कायदा २००६ चा आहे आणि पूरक आहारासाठीचे स्वतंत्र विनियम २०१६ मध्ये अधिसूचित झाले. त्यानुसार डब्यावर चौदा अंकी परवाना क्रमांक लागतो आणि ही वस्तू औषधी वापरासाठी नाही असे स्पष्ट लिहावे लागते. म्हणजे ज्या डब्यावर ‘औषधी वापरासाठी नाही’ असे छापले आहे, त्याच डब्याशेजारी ‘मधुमेह मुळापासून बरा’ असा फलक टांगला गेला, तर दुकानदार स्वतःच्या हाताने स्वतःविरुद्ध पुरावा उभा करतो. अन्नपदार्थाच्या दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीसाठी या कायद्यात दहा लाख रुपयांपर्यंत दंडाची तरतूद आहे. खोट्या किंवा अपुऱ्या वेष्टनाच्या अन्नासाठी ही मर्यादा तीन लाखांची आहे.

चूर्ण औषध म्हणून आले असले, तरी त्या फलकाची सुटका नाही. औषधे व जादूटोण्याचे उपाय यांच्या आक्षेपार्ह जाहिरातींना आळा घालणारा कायदा १९५४ चा आहे. त्याच्या अनुसूचीत मधुमेह, कर्करोग, रक्तदाब, लठ्ठपणा अशा चोपन्न रोगांची व अवस्थांची नोंद आहे. त्यांवर अमुक औषध उपाय आहे अशी जाहिरात करता येत नाही. पहिल्या अपराधाला सहा महिन्यांपर्यंत कारावास, दंड किंवा दोन्ही होऊ शकतात. ‘जाहिरात’ या शब्दाची व्याख्या तर प्रत्येक दुकानदाराने मनात ठेवण्याजोगी आहे. सूचना, पत्रक, वेष्टन, चिठ्ठी यांबरोबरच तोंडी घोषणेचाही तीत समावेश आहे. ‘हे घ्या, साखर गेलीच समजा’ असे गल्ल्यावरून मोठ्याने सांगण्याची सवय किती महागात पडू शकते, हे यावरून ध्यानात येईल. या कायद्याला आव्हान दिले गेले, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर १९५९ मध्ये त्यातील काही अंश रद्द केला. परंतु अशी व्यापारी जाहिरात म्हणजे भाषणस्वातंत्र्य हा युक्तिवाद मान्य केला नाही.

आता त्या वट्यांकडे वळावे. येथे केंद्राच्या कायद्यासोबत राज्याचा कायदाही पाहावा लागतो. १९८५ च्या अमली पदार्थविरोधी केंद्रीय कायद्यात गांज्याची व्याख्या झाडाच्या फुलोऱ्याशी जोडलेली आहे. फुलोऱ्याविना असलेली पाने आणि बिया तीतून वगळल्या आहेत. भांग पानांची असते, म्हणून तिचे नियमन प्रामुख्याने राज्यांच्या हाती राहिले. उत्तर प्रदेशात सरकारमान्य परवान्याची भांगेची दुकाने आहेत. राजस्थानात जैसलमेरचे असे दुकान पर्यटकांनाही ठाऊक आहे. ऑगस्ट २०२२ मध्ये कर्नाटक उच्च न्यायालयाने एका जामीन प्रकरणात भांग केंद्रीय कायद्यातील बंदीखाली येत नसल्याचे मत नोंदवले, तेव्हा ‘भांग कायदेशीर झाली’ असा समज अनेकांनी करून घेतला.

तो समज महाराष्ट्रात उपयोगी पडत नाही. येथे १९४९ चा दारूबंदी कायदा लागू आहे आणि त्याची कक्षा दारूपुरती सीमित नाही. भांग आणि भांगयुक्त पदार्थ विनापरवाना तयार करणे, बाळगणे, सेवन करणे या गोष्टींना त्यात मनाई आहे. विनापरवाना विक्री अर्थातच त्यात आली. वाराणसीत परवानाधारक दुकानदार उघडपणे जी वस्तू विकतो, तीच वस्तू महाळुंग्यात गल्ल्याखाली सापडली तर पोलीस किंवा राज्य उत्पादन शुल्क विभाग कारवाई करू शकतो. शिवाय औषध नियमांच्या विषारी द्रव्यांच्या अनुसूचीत भांगेचे नाव बचनाग, कुचला, धोत्रा, गुंज, बिब्बा यांच्या पंक्तीत आहे. अशी द्रव्ये असलेल्या पोटात घेण्याच्या औषधावर ‘वैद्यकीय देखरेखीखाली घ्यावे’ या अर्थाचा इशारा इंग्रजीत व हिंदीत छापावा लागतो. विक्रेत्याच्या पुडीवर तो नव्हता.

‘पण उत्पादकाकडे आयुर्वेदिक परवाना आहे’ असा बचाव पुढे येतो. तो सर्वस्वी पोकळ आहे असे म्हणता येणार नाही, कारण आयुर्वेदाच्या काही प्रसिद्ध कल्पांत, जसे जातिफलादि चूर्णात, भांग असतेच. औषध आणि नशा यांच्या सीमारेषेचा हा वाद या राज्याला जुना आहे. मुंबई राज्य विरुद्ध बलसारा या खटल्यात १९५१ साली सर्वोच्च न्यायालयाने दारूबंदी कायद्याचा मोठा भाग वैध ठरवला. मात्र मद्यार्कयुक्त औषधे व प्रसाधने यांवरील सरसकट बंदी अवैध ठरवली. पुढे विधिमंडळाने कसोटी ठेवली ती अशी की मद्य म्हणून वापरण्यास अयोग्य असलेल्या औषधांना सूट द्यावी. वैद्याने रोग्याला मोजून दिलेली मात्रा आणि किराणा दुकानात बिस्किटाच्या पुड्याशेजारी ठेवून नशेसाठी विकलेली वटी यांत न्यायालय फरक करणार, हे उघड आहे. तो फरक ठरेपर्यंत माल जप्त झालेला असतो, नमुना प्रयोगशाळेत गेलेला असतो आणि तारखांना दुकानदार एकटा उभा असतो. फिरत्या विक्रेत्याचा फोन तोवर बंद झालेला असतो.

वनस्पतीवर निर्बंध घालण्याची ही रीत केवळ आपल्याकडची नाही. चिनी वैद्यकातील एफेड्रा ही वनस्पती असलेल्या पूरक आहारांवर अमेरिकेने २००४ मध्ये बंदी आणली. डेन्मार्कने २०२३ मध्ये अश्वगंधेला मनाई केली. भारतात अश्वगंधेचे मूळ मान्य आहे. परंतु तिची पाने वापरू नयेत, अशी सूचना आयुष मंत्रालयाने ऑक्टोबर २०२१ मध्ये उत्पादकांना दिली. एकाच झाडाच्या मुळाला एक नियम आणि पानाला दुसरा, एका देशात मुभा आणि दुसऱ्या देशात बंदी, अशी ही स्थिती आहे. परदेशी शिकणाऱ्या मुलांना डबे धाडणाऱ्या मातापित्यांनीही हे लक्षात ठेवावे.

मग दुकानदाराने काय करावे? कायद्यातच त्याच्या रक्षणाची वाट आहे. अन्नाच्या कायद्यानुसार किरकोळ विक्रेत्यावर जबाबदारी येते ती ठरावीक प्रसंगी: माल मुदतबाह्य असेल, अस्वच्छ जागी ठेवला असेल, वेष्टन खोटे किंवा अपुरे असेल, माल असुरक्षित असल्याचे त्याला ठाऊक असेल, किंवा तो कोणाकडून घेतला हे सांगता येत नसेल. अखेरची अट व्यापाऱ्याने विशेष ध्यानात घ्यावी. पक्के बिल केवळ वस्तू व सेवा कराच्या परताव्यासाठी लागते असे नाही. ज्या दिवशी निरीक्षक दारात येतो, त्या दिवशी ते दुकानाची ढाल होते. म्हणून बॅच क्रमांक असलेले पक्के बिल न देणाऱ्याचा माल कितीही स्वस्त असला तरी घेऊ नये. मोठ्या डब्यातील चूर्ण सुटे करून स्वतःच्या पुडीत भरू नये, कारण मूळ वेष्टन गेले की ओळखही गेली. घटकांच्या यादीत न कळणारा शब्द आला तर जाणत्या वैद्याला किंवा अन्न व औषध प्रशासनाच्या कार्यालयात विचारावे. रोगाचे नाव घेऊन कोणतीही वस्तू विकू नये.

जैन ग्राहकासाठी आणखी एक बाब. पूरक आहारावर शाकाहाराचे हिरवे चिन्ह बंधनकारक आहे. औषधावर ते बंधनकारक नाही. कॅप्सूलचे आवरण जिलेटिनचे आहे का, हे म्हणूनच विचारावे लागते. हिरवे चिन्ह असले तरी मध असू शकतो, कारण कायद्याच्या व्याख्येत मध मांसाहारात मोडत नाही.

आपल्या परंपरेला हा विषय अनोळखी नाही. आचार्य उमास्वातींच्या तत्त्वार्थसूत्रात अचौर्य अणुव्रताचे जे अतिचार सांगितले आहेत, त्यांत ‘विरुद्धराज्यातिक्रम’ आणि ‘प्रतिरूपकव्यवहार’ हे दोन आहेत. राज्याने घातलेली मर्यादा ओलांडून केलेला व्यापार हा पहिला. अस्सल म्हणून नकली देणे हा दुसरा. श्रावकाने टाळावयाच्या पंधरा कर्मादानांत ‘विषवाणिज्य’ येते. एका राज्यात चालणारा माल दुसऱ्या राज्याची मर्यादा ओलांडून विकणे याला आज वेगळे नाव शोधण्याची आवश्यकता नाही. ज्यांची पेढी पिढ्यान्‌पिढ्या प्रवास करीत राजस्थानातून महाराष्ट्रात आली, त्यांना प्रत्येक मुलखाचा कायदा वेगळा असतो हे सांगावे लागू नये.

त्या दुकानात सायंकाळी वडिलांनी मुलाला दोन्ही वस्तू परत बांधायला सांगितल्या. मुलाने नफ्याचा हिशेब पुन्हा मांडून दाखवला. तो बरोबरच होता. वडील म्हणाले, “आकडा खरा आहे, बेटा. पण ही पुडी घेणारा पोरगा रात्री बाराला प्रेसवर उभा राहतो. त्याची बोटं या हिशेबात कुठं लिहिणार?” सुटे भाग बनवणाऱ्या कारखान्यांच्या या पट्ट्यात प्रेसखाली बोटे गमावलेले कामगार मुलानेही पाहिलेले होते. तो पुढे काही बोलला नाही.

थोड्या वेळाने निळ्या गणवेशातील एक तरुण आला. दिवसा झोप लागत नाही म्हणून त्याने तीच वटी मागितली. वडिलांनी ती नसल्याचे सांगितले आणि कारखान्याच्या डॉक्टरांना झोपेची तक्रार सांग असे सुचवले. तरुण शेंगदाण्याची चिक्की आणि साबण घेऊन गेला. कदाचित तेथून तो पलीकडच्या टपरीवरही गेला असेल. त्यावर या दुकानाचा अधिकार नव्हता. आपल्या फळीवर काय ठेवावे, यावर होता. मुलाने परतीच्या मालाची नोंद तारखेनिशी वहीत केली आणि विक्रेत्याची सही घेण्यासाठी पावती बाजूला काढून ठेवली.

जय जिनेंद्र.