सुमित्रा भावे यांचा सिनेमा बायांपर्यंत कोण आणणार?

"बायांना रडका सिनेमाच लागतो," असे आजही बिनदिक्कत म्हटले जाते. पुरावा म्हणून 1991 सालचा 'माहेरची साडी' पुढे केला जातो. गावोगावच्या बायांनी त्या सिनेमाला तुफान गर्दी केली, हे खरेच आहे. पण मैत्रिणींनो, त्यावरून बायांची आवड कशी ठरते? ताटात एकच भाजी वाढायची आणि वर म्हणायचे, हिला हीच आवडते! दुसरी भाजीही रांधलेली होती. ती वाढलीच गेली नाही.

ती रांधली सुमित्रा भावे (1943–2021) यांनी. त्यांचे शिक्षण समाजकार्याचे. पुण्याच्या कर्वे समाजसेवा संस्थेत त्यांनी शिकवले. वस्त्यांमधल्या बायांच्या जगण्याचा अभ्यास करताना त्यांच्यापुढे प्रश्न उभा राहिला. ज्या बायांनी आपले आयुष्य उलगडून सांगितले, त्यांना लिहिलेला अहवाल वाचता येणार नाही. मग तो त्यांच्याकडे परत जाणार कसा? उत्तर म्हणून, सिनेमाचे कोणतेही शिक्षण नसताना, त्यांनी 1985 साली 'बाई' काढला. पुढे 'पाणी' आला. 1995 साली सुनील सुकथनकर यांच्याबरोबर 'दोघी' केला.

'दोघी'मध्ये लग्नाच्या दिवशीच नवरदेव अपघातात जातो आणि दोष येतो पोरीच्या पायगुणावर. तिची रवानगी मुंबईला होते, तिथे ती धंद्यात ढकलली जाते. तिने पाठवलेल्या पैशांवर घर चालते, पण ती परत येते तेव्हा त्याच घराला तिची लाज वाटते. 'माहेरची साडी' सोशिकपणाची आरती करतो, 'दोघी' त्या सोशिकपणाचा हिशेब मागतो.

पुढे 'वास्तुपुरुष', 'देवराई', 'अस्तु' आले. 2017 साली 'कासव'ला राष्ट्रीय सुवर्णकमळ मिळाले. पण 'अस्तु'सारखा सिनेमा तयार होऊनही थिएटरची वाट पाहत राहिला. म्हणजे जो सिनेमा बायांकडे परत जाण्यासाठी जन्मला, तो महोत्सवांत आणि पुरस्कारांच्या यादीतच अडकला.

बाईत कसब नसते म्हणून असे होते का? ऑस्ट्रेलियात जिलियन आर्मस्ट्राँग ही सरकारी फिल्म स्कूलच्या पहिल्या तुकडीतली मुलगी. तिच्या 1979 सालच्या 'माय ब्रिलियंट करिअर'मध्ये न्यू साउथ वेल्सच्या सरकारी महामंडळाने पैसे घातले. त्याआधीची कितीतरी दशके तिथेही बाईच्या हाती मोठा कथापट आलेला नव्हता. कसब होतेच, सार्वजनिक पैसा उभा राहिला तेव्हा वाट मोकळी झाली.

आता आपल्याकडचा सार्वजनिक पैसा पाहू. अवसरी बुद्रुकपासून नारायणगाव फार लांब नाही. यात्रेच्या हंगामात आंबेगाव-जुन्नरच्या यात्रा कमिट्या तिथे तमाशाच्या सुपाऱ्या द्यायला जातात आणि लाखांचे व्यवहार होतात. तमाशाला आमचा विरोध नाही. विठाबाई नारायणगावकरांची कला याच मातीतली, आणि राष्ट्रपती पदक मिळवूनही 2002 साली त्या हलाखीतच गेल्या, हेही आपल्याला ठाऊक आहे. मुद्दा वर्गणीचा आहे. कांदा-बटाट्याच्या शेतात वाकून मिळवलेली बाईची मजुरीही त्या वर्गणीत असते. मग कार्यक्रम ठरवताना तिला कोण विचारते?

कुणी म्हणेल, आता मोबाईलवर सगळे दिसते. घरातला मोबाईल कुणाच्या हातात असतो, ते आधी सांगा! आणि एकटीने पाहिलेला सिनेमा डोळ्यांत पाणी आणून संपतो. चौघींनी मिळून पाहिला तर "आपल्या गल्लीत असे कुणाचे झाले?" हा प्रश्न निघतो. त्या प्रश्नासाठीच तर भावे यांनी अहवाल सोडून कॅमेरा धरला.

म्हणून मागणी साधी आहे. यात्रेतला एक खेळ बायांच्या पसंतीचा असावा. ग्रामपंचायतीच्या स्वतःच्या उत्पन्नातला दहा टक्के निधी महिला व बालकल्याणासाठी राखून ठेवायचा असतो. हा विषय महिला सभेत मांडून ठराव करून घ्या. निर्मात्यांची रीतसर परवानगी काढा. वेळ बायांच्या सोयीची ठेवा, आणि सिनेमा संपल्यावर तासभर बोलायला ठेवा. संघटनांनी शिबिराच्या शेवटी करमणूक म्हणून सिनेमा लावणे सोडावे. शिबिराची सुरुवातच त्याने करावी.

बायांना काय आवडते ते त्यानंतर ठरवू. आधी वाढा तरी!