फुगडीस क्रीडांगणावर जागा द्या

कोणी मंगळागौरीचा खेळ म्हणून, तर कोणी मुलगी मोठी झाली म्हणून तिची फुगडी बंद करितात. हें योग्य नव्हे. फुगडी ही तोल सांभाळण्याची विद्या आहे. पावलें जुळवून, हातांची फुली घालून, बाहू ताठ ठेवून अंग मागें झुकवावें, म्हणजे एकीचा भार दुसरी तोलून धरते. वेग वाढतो तसतशी हातांवरील ओढ वाढते. अशा वेळीं एकीनें हात सोडिला तर दोघीही पडतात. एकदम थांबल्यास घेरी येते, कारण कानाच्या अंतर्भागांतील द्रव कांहीं क्षण फिरतच राहतो. म्हणून वेग हळूहळू कमी करावा. आपल्याबरोबर दुसरीचाही तोल राखण्यास शिकविणारा हा व्यायाम आहे. पालकहो, कवायतीइतकाच मान त्यास द्यावा.