कुंडलिकेचा हिशेब एकत्र मांडा

रोह्याच्या कुंडलिकेला उन्हाळ्यातही पाणी असते, ते सह्याद्रीपलीकडच्या एका धरणामुळे. मुळशीचे पाणी मूळचे पूर्वेकडे वाहणारे, भीमेतून कृष्णेला मिळणारे. टाटांनी ते अडवले, सुमारे 500 मीटर खाली कोकणात भिऱ्याला उतरवले आणि 1927 पासून त्यावर मुंबईसाठी वीज होऊ लागली. या धरणात मावळच्या शेतकऱ्यांच्या जमिनी बुडणार होत्या. त्याविरुद्ध 1921 मध्ये मुळशी सत्याग्रह सुरू झाला, सेनापती बापटांनी त्यासाठी तुरुंगवास सोसला, तरी धरण झालेच. वीज करून मोकळे झालेले ते पाणी आजही कुंडलिकेत पडते.

या पाण्यावर रोहे तालुक्याचे बरेच काही चालते. कोलाडजवळ डोलवहालच्या बंधाऱ्यावरून ते कालव्यांत जाते. एरवी भातकापणीनंतर जमिनीतल्या ओलीवर वाल पेरणारा शेतकरी कालव्याच्या जोरावर उन्हाळी भात घेतो. भिऱ्याहून पाणी सुटले की कोलाडला राफ्टिंगच्या होड्या उतरतात, आणि मुंबई-पुण्याच्या पर्यटकांना जेवण व मुक्काम पुरवणाऱ्या कुटुंबांचा दिवस त्या वेळापत्रकाला बांधलेला असतो. धाटावची औद्योगिक वसाहतही याच खोऱ्यात उभी राहिली. रसायनांच्या कारखान्यांना लागणारे पाणी, महामार्ग आणि मुंबईची जवळीक तिथे एकत्र मिळाली. कोकण रेल्वेची हद्दही रोह्यापासूनच सुरू होते. 1998 मध्ये हा मार्ग मंगळूरपर्यंत पूर्ण झाला.

नदी एक, कारभारी मात्र अनेक. मुळशी पुणे जिल्ह्यात, भिरा माणगाव तालुक्यात, कोलाड आणि धाटाव रोह्यात, मुखाशी एका काठावर अलिबागचे रेवदंडा आणि समोर मुरुड तालुक्यातले साळाव-कोर्लई. पाणी सोडणार वीज कंपनी, वळवणार पाटबंधारे खाते, वापरणार एमआयडीसी, तपासणार प्रदूषण नियंत्रण मंडळ. खाडीकाठचे बांध खारभूमी विभागाकडे, मासेमारी मत्स्यव्यवसाय खात्याकडे, बंदर मेरीटाइम बोर्डाकडे. प्रत्येकाच्या दप्तरात आपापले आकडे आहेत. त्यांची बेरीज होऊन लोकांसमोर येत नाही, आणि खालच्या गावांचे नुकसान नेमके तिथेच लपते.

धाटावचे सांडपाणी सामायिक प्रक्रिया केंद्रातून वाहिनीने खाडीत सोडले जाते. कागदावर ही व्यवस्था पूर्ण आहे. तरीही केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने 2018 मध्ये देशातले 351 प्रदूषित नदीपट्टे जाहीर केले तेव्हा त्यांतले 53 महाराष्ट्रातले होते आणि त्यांत कुंडलिकाही होती. खाडीतली मासळी घटल्याचे कोळी वर्षानुवर्षे सांगत आले आहेत. कारखान्यातला रोजगार जिल्ह्याच्या जमेत धरला जातो, पण जाळे रिकामे आले तर ती तूट कोणत्याच खात्यात नोंदली जात नाही.

ही खाडी कधीच आडबाजूची नव्हती. तिच्या मुखाशेजारचे चौल पहिल्या शतकातल्या ग्रीक दर्यावर्दींना ठाऊक होते, आणि 1469 मध्ये अफनासी निकितीन हा रशियन व्यापारी तिथेच उतरला. पोर्तुगिजांनी रेवदंडा आणि कोर्लईला किल्ले बांधले. 1740 मध्ये ते मराठ्यांकडे आले. भरतीच्या पाण्यावर मालाची गलबते रोहा-अष्टमीपर्यंत चढत, तर दक्षिणेला राजपुरीच्या खाडीवर आफ्रिकेतून आलेल्या सिद्दींची सत्ता 1948 पर्यंत टिकली. त्याच खाडीजवळच्या कुडा लेण्यांत लोखंडाचा व्यापारी आणि फुलमाळी यांनी दिलेल्या दानांचे शिलालेख आहेत. दोन हजार वर्षांपूर्वीही साध्या धंद्यांत दान करण्याइतकी शिल्लक राहत होती.

खाडीकाठची शेती तर माणसाने समुद्राकडून मिळवलेली आहे. बांध घालायचा, उघाडीतून पावसाचे पाणी बाहेर सोडायचे, भरतीचे खारे पाणी आत येऊ द्यायचे नाही आणि खांड पडली की गावाने मिळून बुजवायची, अशी ही पद्धत. पेण-अलिबागच्या खारेपाटात अशा सामूहिक डागडुजीला जोळ म्हणत. पुढे बांध सरकारी खात्याकडे गेले आणि गावाचा हात सुटला. एक उधाण चुकले की भातखाचरात खारे पाणी शिरते आणि ती जमीन पुन्हा गोडी व्हायला काही पावसाळे जातात. 2020 च्या 3 जूनला निसर्ग चक्रीवादळ याच किनाऱ्यावर आदळले. असे फटके पुढे वाढतील हे गृहीत धरूनच बांधांचा विचार करावा लागेल.

वरच्या धरणाची किंमत खालच्या किनाऱ्याने मोजण्याचे मोठे उदाहरण पश्चिम आफ्रिकेत आहे. घानाने 1965 मध्ये व्होल्टा नदीवर आकोसोंबो धरण पूर्ण केले. टेमाच्या ॲल्युमिनियम कारखान्याला आणि शहरांना वीज मिळाली, आणि सुमारे 80 हजार लोक विस्थापित झाले. विस्थापितांची निदान मोजणी तरी झाली. मुखाजवळच्या आडा भागात मात्र नदीचे चढउतार थांबले, गोड्या-खाऱ्या पाण्याचा मेळ बदलला आणि शिंपले वेचून घर चालवणाऱ्या बायांचा धंदा बसला. त्यांचे नुकसान धरणाच्या हिशेबात सुरुवातीला धरलेलेच नव्हते. 2023 मध्ये धरणातून पाणी सोडल्यावर खालची गावे बुडाली, तेव्हा तोच प्रश्न पुन्हा उभा राहिला. कुंडलिकेची गोष्ट उलटी आहे. इथे पाणी अडले नाही, बाहेरून आले. पण निर्णय वर आणि परिणाम खाली, ही वाटणी दोन्हीकडे सारखीच आहे.

त्यामुळे मागणी सोपी आहे. भिरा ते रेवदंडा या संपूर्ण पट्ट्यासाठी एकच समिती असावी आणि तिच्यात कालव्याच्या शेवटच्या टोकाचा शेतकरी, खाडीचा कोळी आणि नदीकाठचा कातकरी यांना अधिकाऱ्यांइतकीच जागा असावी. किती पाणी सुटले, कालव्यात किती गेले, कारखान्यांनी किती उचलले, खाडीत काय सोडले आणि मासळी किती आली, हे आकडे दर महिन्याला मराठीत प्रत्येक ग्रामपंचायतीच्या फलकावर लागावेत. खारबांधांच्या डागडुजीचा निधी पावसाळ्यापूर्वी मिळावा आणि कामाची देखरेख गावाकडे असावी. यांपैकी कशालाच नवा कारखाना किंवा नवे धरण लागत नाही.

रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर आणि पुढे देशाचे अर्थमंत्री झालेले चिंतामणराव देशमुख यांना रोहेकर अभिमानाने आपले म्हणतात. ज्या गावाने देशाचे हिशेब सांभाळणारा माणूस दिला, त्याने आपल्या नदीचा हिशेब मागायलाच हवा. रायगड जिल्हा नियोजन समितीने पुढच्या बैठकीत हा विषय घ्यावा, आणि त्या बैठकीला साळाव, कोर्लई आणि रेवदंड्याच्या कोळ्यांना आवर्जून बोलवावे.