नावामागचं नाव : हान्सची लेक

मुलांनो, पापणी लवायला किती वेळ लागतो? सेकंदाचा दहावा भाग तरी लागतोच. आता त्याच्याही निम्मा वेळ डोळ्यांसमोर आणून बघा. येत नाही ना? पण १६ फेब्रुवारी २०१८ रोजी दक्षिण कोरियातल्या योंगप्योंगच्या बर्फाळ उतारावर एवढ्याशा वेळाने सोनं कुणाचं आणि चांदी कुणाची हे ठरवलं. प्योंगचांगची हिवाळी ऑलिंपिक स्पर्धा चालू होती. फलकावर पहिलं नाव लागलं स्वीडनच्या फ्रीडा हान्सडॉटरचं, वेळ १ मिनिट ३८.६३ सेकंद. दुसरी आली स्वित्झर्लंडची वेंडी होल्डनर, १ मिनिट ३८.६८ सेकंद. फरक पाच शतांश सेकंदांचा!

खेळ होता स्लॅलम. पायांना दोन लांब पट्ट्या, म्हणजे स्की, बांधायच्या आणि उतारावर रोवलेल्या लाल-निळ्या काठ्यांमधून नागमोडी वळणं घेत सुसाट खाली यायचं. एक जरी वळण चुकलं तरी खेळ खलास. हे असं दोनदा करायचं, आणि दोन्ही वेळांची बेरीज ज्याची कमी तो पहिला. त्यातही गंमत अशी, की दुसऱ्या फेरीत पहिल्या तीस जणी उलट्या क्रमाने उतरतात. पहिल्या फेरीत सगळ्यांत पुढे असलेली मुलगी सर्वांत शेवटी येते, आणि खाली येऊन पोचलेल्या बाकीच्या जणी वर बघत, बोटं मोडत उभ्या राहतात. त्या दिवशी फ्रीडा आपली फेरी संपवून अशीच उभी होती, आणि वरून होल्डनर येत होती.

पण आपलं सदर नावांचं आहे, खेळाचं नव्हे. तेव्हा फलकावरचं ते नाव पुन्हा एकदा वाचा. हान्स-डॉटर. स्वीडिश भाषेत 'डॉटर' म्हणजे लेक (त्यांचा उच्चार 'दोत्तेर'च्या जवळ जातो). इंग्रजीतही 'डॉटर', जर्मनमध्ये 'टोख्टर', फारसीत 'दुख्तर' आणि आपल्या संस्कृतात 'दुहिता'. बघा, एकाच आजीच्या नाती! मुलग्यासाठी स्वीडिशमध्ये 'सन' म्हणतात आणि संस्कृतात 'सूनु'. वायुसूनु म्हणजे वाऱ्याचा मुलगा, आपला मारुती. युरोपातल्या बऱ्याचशा भाषा आणि आपल्या भाषा फार फार पूर्वी एकाच घरातून निघाल्या, त्याच्या या खुणा आहेत.

तर हान्सडॉटर म्हणजे हान्सची लेक. आणि फ्रीडाच्या वडिलांचं नाव खरोखरच हान्स आहे. त्यांचं पूर्ण नाव हान्स जोहान्सन.

इथे तुम्ही थबकला असाल. बापाचं आडनाव जोहान्सन, मग लेकीचं हान्सडॉटर कसं? छापण्यात चूक झाली की काय? मुळीच नाही. चूक शोधायचीच असेल तर ती जोहान्सनमध्ये शोधा. जोहान्सन म्हणजे जोहानचा मुलगा. हे आडनाव पिढ्यान्‌पिढ्या तसंच चालत आलेलं असतं. कुणा एका पूर्वजाचा बाप जोहान होता, एवढंच ते सांगतं. फ्रीडाचं नाव मात्र आजची खरी गोष्ट सांगतं.

पूर्वी स्वीडनच्या खेड्यांत सगळ्यांचीच नावं अशी खरी असत. समजा, निल्स नावाचा एक शेतकरी आहे. त्याचा मुलगा अँडर्स निल्सन आणि मुलगी कारिन निल्सडॉटर. आता अँडर्सला मुलं झाली, की ती अँडरसन आणि अँडर्सडॉटर. म्हणजे आजोबा, बाप आणि नातू अशा तिघांची तीन वेगळी 'आडनावं'! आणि कारिनचं लग्न झालं तरी ती निल्सडॉटरच राहायची. लग्न झालं म्हणून बाप थोडाच बदलतो?

पद्धत सोपी, पण तिने एक घोटाळाही व्हायचा. ठेवण्यातली नावं मोजकीच. मग एका गावात चार-चार अँडर्स अँडरसन! शेतावर हाक मारताना एक वेळ चालेल, पण पलटणीत काय करायचं? कप्तानाने "अँडरसन, पुढे ये!" म्हटलं तर अर्धी रांग पुढे यायची. म्हणून शिपायांना भरतीच्या वेळी छोटंसं वेगळं नाव देत. रास्क म्हणजे चपळ, मूडिग म्हणजे धीट, स्वेर्ड म्हणजे तलवार. स्वीडनमध्ये आजही अशा आडनावांची माणसं भेटतात. शिकलेल्या लोकांनी दुसरी युक्ती केली. निल्स इंगेमारसन नावाचा एक तरुण विद्यापीठात शिकायला निघाला, तेव्हा त्याने घराच्या जमिनीवरच्या मोठ्या लिंड झाडावरून लिनियस असं लॅटिन वळणाचं आडनाव घेतलं. हा कोण माहीत आहे? वनस्पतींना आणि प्राण्यांना दोन शब्दांची शास्त्रीय नावं देणारा जो कार्ल लिनियस, त्याचा हा बाप. सगळ्या जगाला नावं ठेवणाऱ्या माणसाच्या घरचं आडनाव असं झाडावरून आलं!

एकोणिसाव्या शतकात लोक शहरांत आले, कारखान्यांत लागले, आणि दर पिढीला बदलणारं नाव गैरसोयीचं वाटू लागलं. मग जे नाव त्या वेळी चालू होतं तेच कायम करून टाकायची रीत पडली, आणि १९०१ च्या नियमाने तिच्यावर शिक्कामोर्तब झालं. घराण्याचं आडनाव एकच, वारशाने येणारं. आता सांगा, घरात अँडरसनही आहे आणि अँडर्सडॉटरही आहे, तर कायम कुठलं झालं असेल?

बरोबर ओळखलंत. 'सन' राहिला आणि 'डॉटर' गेली. मुली जन्मल्या त्या अँडरसन म्हणून, आणि लग्नानंतर झाल्या जोहान्सन किंवा कार्लसन. स्वीडनमध्ये सर्वांत जास्त आढळणारी आडनावं हीच. लाखो बायका आणि मुली, आणि प्रत्येकीच्या नावाचा अर्थ अमक्याचा मुलगा! कुणाला त्यात काही विशेष वाटेनासंही झालं. सवय ही अशी असते.

ऑलिंपिकमध्ये स्लॅलमचं सुवर्णपदक जिंकणारी पहिली स्वीडिश महिला कोण? अन्या पेर्सन, २००६ साली इटलीतल्या तुरिनच्या स्पर्धेत. पेर्सन म्हणजे पेरचा मुलगा. बारा वर्षांनी तेच पदक दुसऱ्यांदा स्वीडनला मिळालं, ते फ्रीडामुळे. पहिलं पदक 'मुलग्याने' जिंकलं आणि दुसरं लेकीने, असं म्हणावं लागेल!

मात्र 'डॉटर' पुरती नाहीशी झाली नव्हती. ती गोष्टीत जाऊन बसली होती. पिप्पी लाँगस्टॉकिंगची गोष्ट तुमच्यापैकी काहींनी वाचली असेल. एकटी राहणारी, घोडा उचलणारी, कुणालाही न घाबरणारी ती नऊ वर्षांची मुलगी. तिचं पहिलं पुस्तक १९४५ साली निघालं. तिचं मूळ स्वीडिश नाव मालगाडीसारखं लांबलचक आहे, आणि त्यात शेवटून दुसरा डबा आहे 'एफ्राइम्सडॉटर', म्हणजे कप्तान एफ्राइमची लेक. आणि हे नाव देणारी लेखिका अ‍ॅस्ट्रिड लिंडग्रेन जन्मली कोण म्हणून? अ‍ॅस्ट्रिड एरिक्सन! स्वतः 'एरिकचा मुलगा' म्हणून वाढलेल्या बाईने आपल्या लाडक्या नायिकेला 'डॉटर' परत दिली. तिने हे ठरवून केलं की मजेमजेत, कोण जाणे; पण मला ते फार आवडतं.

पुढे विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात कायदे बदलले आणि ज्यांना हवं त्यांना जुन्या रीतीने नाव ठेवायची मोकळीक पुन्हा मिळाली, बापाच्या नावावरून तसंच आईच्या नावावरूनही. फार लोकांनी ती घेतली नाही, म्हणूनच फ्रीडाचं नाव तिच्या देशातही वेगळं वाटतं. शेजारच्या आइसलंडमध्ये मात्र ही रीत कधी मोडलीच नाही. १९८० साली तिथे राष्ट्राध्यक्ष म्हणून निवडून आलेल्या बाईंचं नाव विग्दीस फिन्बोगादोत्तिर, म्हणजे फिन्बोगीची लेक. तिथल्या टेलिफोनच्या यादीतसुद्धा माणसं आडनावाने नाही, स्वतःच्या नावाने लावलेली असत.

हान्सच्या नावातही एक गंमत दडली आहे बरं का. हान्स हे जोहानेस या नावाचं लाडकं, आखूड रूप. जोहानही त्यातूनच आलेलं. म्हणजे हान्स जोहान्सन या नावात एकच नाव दोनदा आहे! इंग्रजांचा जॉन, रशियनांचा इव्हान, स्पेनचा हुआन हे सगळे त्याचेच भाऊ. पोर्तुगिजांचा जुआंवही. गोव्यात २४ जूनला डोक्यावर फुलापानांचे मुकुट घालून विहिरीत उड्या मारतात तो सांजांवचा सण याच नावाच्या संताचा.

आता तुम्ही म्हणाल, बापाचं नाव तर आमच्याही नावात असतं. असतं ना! आपण ते मध्ये घालतो आणि शेवटी आडनाव लावतो. पण आपल्याकडे मुलीचं मधलं नाव लग्नानंतर बहुधा बदलतं, कारिन निल्सडॉटरचं बदलत नसे. महाराष्ट्रात १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर आधी बाळाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव असा क्रम ठरला आहे. आईचं नाव लावणं आपल्याला नवीन नाहीच म्हणा. सातवाहनांचा राजा गौतमीपुत्र सातकर्णी आठवा. त्याच्या आईचा, गौतमी बलश्रीचा, शिलालेख नाशिकच्या लेण्यांत आजही आहे.

फ्रीडाचा जन्म १३ डिसेंबर १९८५ चा. त्या दिवशी स्वीडनमध्ये ल्युसियाचा सण असतो, मुली डोक्यावर दिव्यांचा मुकुट घालून गाणी म्हणत फिरतात. ती वाढली नॉरबर्ग या जुन्या, लोखंडाच्या खाणींच्या गावात. पुढे ती जगातल्या उत्तम स्लॅलमपटूंत गणली जाऊ लागली, पण पहिला नंबर काही केल्या हाती लागेना. पुन्हा पुन्हा दुसरी! विश्वचषकाच्या मालिकेतली पहिली शर्यत तिने जिंकली ती २०१४ च्या फेब्रुवारीत, स्लोव्हेनियात, वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षी. जागतिक अजिंक्यपद स्पर्धेत २०१३ साली तिसरी, २०१५ साली दुसरी, २०१७ साली पुन्हा तिसरी. आणि तिन्ही वेळा पहिली आली ती अमेरिकेची मिकाएला शिफ्रिन. मधे २०१६ साली मोसमभराच्या गुणांवर मिळणारा स्लॅलमचा स्फटिकाचा गोल फ्रीडाने पटकावला, तेव्हा शिफ्रिन दुखापतीमुळे बरेच दिवस बाहेर होती. त्यामुळे नाकं मुरडणारे मुरडतच राहिले असतील.

मग आला योंगप्योंगचा दिवस. शिफ्रिनही होती, ती चौथी आली. होल्डनरने शेवटची काठी ओलांडली, फलकावर आकडे उमटले, आणि बत्तीस वर्षांची हान्सची लेक पहिली ठरली. पुढच्याच वर्षी, २०१९ साली, तिने स्पर्धांचा निरोप घेतला.

आता तुमचं काम. स्वीडिश रीत अशी : बापाचं नाव, त्याला एक 'स', मग 'सन' किंवा 'डॉटर'. नाव मुळातच 'स'वर संपत असेल, जसं हान्स, तर जादा 'स' नको. सुनीलची मुलगी सुनील्सडॉटर, विलासचा मुलगा विलाससन! स्वतःचं नाव करा, आजीचं करा, आणि एकदा आईच्या नावावरूनही करून बघा. कुठलं म्हणायला जास्त छान वाटतं ते कळवा.