निपाणीच्या पडद्यावरील चेहऱ्यांना नावे मिळावीत

प्रति,
संचालक,
राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय, पुणे

महोदय,


सीमाभागातील श्रमिकांच्या जीवनाचे जे चित्रण आज उपलब्ध आहे, त्यात ‘तंबाखू चाकीला ऊब आली’ या 1982 च्या माहितीपटाचे मोल फार मोठे आहे. दीपा धनराज, आभा भैया, मीरा राव आणि छायाचित्रकार नवरोज कॉन्ट्रॅक्टर यांच्या ‘युगांतर’ या गटाने निपाणीच्या तंबाखू कामगार स्त्रियांबरोबर चार महिने घालवले आणि त्यांच्याशी विचारविनिमय करत त्यांच्या संघटनेची व लढ्याची हकिकत 16 मिलिमीटरच्या कृष्णधवल फिल्मवर नोंदवली. बर्लिनच्या आर्सेनल या संस्थेच्या पुढाकाराने तिचे डिजिटल रूपांतर झाले, हे सीमाभागावरील ऋणच आहे.

फिल्मची प्रत टिकली, तरी चित्रणात कोण आहे, जागा कोणती आणि प्रसंग कोणता, ही माहिती, जिला अभिलेखशास्त्रात वर्णननोंद म्हणतात, ती जोडलेली नसेल, तर उद्याच्या चित्रपटकाराला किंवा दूरचित्रवाणीच्या संशोधकाला ते दृश्य शोधून सापडत नाही आणि सापडले तरी विश्वासाने वापरता येत नाही. त्या वेळी विशीत असलेल्या कामगार स्त्रिया आज साठी ओलांडून गेल्या आहेत. चेहरे आणि वखारी ओळखणारी हीच अखेरची पिढी आहे. म्हणून निर्मात्यांच्या संमतीने या माहितीपटाचे खेळ निपाणीत, तसेच पंचक्रोशीतले वाचक जेथे जमतात त्या कडोलीच्या मराठी साहित्य संमेलनात करावेत आणि प्रेक्षकांनी दिलेली माहिती, ज्यांची नावे येतील त्यांची स्वतःची वा कुटुंबीयांची मान्यता घेऊन, मराठीतच नोंदवावी.

या खेळांसाठीच्या भेटींत गावोगावच्या व्हिडिओ कॅसेटचाही शोध घेता येईल. संमेलने, यात्रा, मोर्चे आणि लग्ने यांचे स्थानिक छायाचित्रकारांनी केलेले चित्रण ज्या चुंबकीय फितींवर असते, त्यांवरील लेप दमट हवेत सुटू लागतो, बुरशी धरते आणि बेळगाव परिसराचा दीर्घ पावसाळा हे नुकसान वाढवतो. शिवाय व्हीएचएस यंत्रांचे उत्पादन 2016 मध्ये थांबल्यामुळे सुस्थितीतली फीतही वाचायला यंत्र मिळेनासे झाले आहे. लग्नाच्या कॅसेटला अभिलेखात स्थान कशाला, असा प्रश्न येऊ शकतो. परंतु वरातीमागे दिसणारा रस्ता, दुकानांच्या पाट्या, अंगावरचे कपडे आणि कानावर पडणारी बोली यांचे एवढे मोकळे चित्रण वृत्तपटात सहसा मिळत नाही.

फिल्म्स डिव्हिजन आणि संग्रहालय 2022 पासून राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या एकाच छत्राखाली आल्यामुळे सरकारी वृत्तपटांतील बेळगाव-निपाणीची दृश्ये आणि ही घरगुती चित्रणे एकाच सूचीत आणणे आता सुकर आहे. मूळ फीत मालकाकडेच राहील, तिची डिजिटल प्रत त्याला विनामूल्य मिळेल आणि वापराचे हक्क लेखी ठरतील, एवढी हमी संग्रहालयाने प्रथम द्यावी. त्याशिवाय कपाटे उघडणार नाहीत.

कडोली, जि. बेळगाव येथील मराठी वाचकांच्या वतीने